मग्दालियेची करंगळी

वेस्टरो, कॅन्सस
सोमवार, २१ ऑक्टोबर १९९१

प्रिय एब्बा,

तुझी तब्येत बरी असेल अशी आशा करते. इथलं सगळं ठीक. गहू पेरून झाला, वारा नेहमीसारखा वेडा आहे आणि मी जूनमध्ये संग्रहालयातून निवृत्त झाले. निरोपाला मला भिंतीवरचं घड्याळ दिलं. माणसाला वेळेवर यायची गरज उरली नाही की त्याला घड्याळ द्यायचं, ही लुथरनांची विनोदबुद्धी.

पंचवीस वर्षं मी दर डिसेंबरात लुसियाच्या सणाला तुला एक कार्ड पाठवते आहे. उत्तर एकाचंही आलं नाही. पण कार्डही एकदासुद्धा परत आलं नाही. म्हणजे ऑरेगनचा पत्ता बरोबर आहे आणि तू आहेस, एवढं मला कळायचं. त्यावर मी भागवत आले. आजचं मात्र कार्डात मावणारं नाही.

काल आपल्या संग्रहालयाला पंचवीस वर्षं झाली. 'आपल्या' असं लिहून गेले. असू दे, खोडत नाही.

समारंभ झाला. सात प्रकारची बिस्किटं, वेलचीचा पाव, बँडवाली पोरं, सगळं. मग गवंड्याने दर्शनी भिंतीतली कोनशिला काढली आणि तिच्या मागची तांब्याची पेटी बाहेर आली. सहासष्ट साली बंद केलेली, पंचवीस वर्षांनी उघडायची असं वर कोरलेली. आत गीतांचं पुस्तक, त्या आठवड्याचं वर्तमानपत्र, इमारत देणाऱ्या हॅगस्ट्रॉमबाईंचा टोपी घातलेला फोटो, मूठभर गहू. आणि पास्टर एकब्लाड यांच्या हातचं एक पाकीट.

पास्टर स्वतः पुढच्या रांगेत होते. शहाऐंशी वर्षांचे, चाकाच्या खुर्चीत, गुडघ्यांवर शाल. पाकीट दिसल्यावर त्यांनी बिस्किटाचा दुसरा तुकडा मोडला. मी त्यांच्यावरच नजर ठेवून होते, म्हणून सांगते.

या माणसाबद्दल तुझ्या मनात काय आहे ते मला ठाऊक आहे. पण आमच्या कॉन्व्हेंटमधल्या सिस्टर अ‍ॅक्विनाटा म्हणायच्या, फाशी द्यायची तर आधी त्याचं चांगलं काय ते वाचून दाखवा. तर वाचते. खेड्यापाड्यांतली छोटी देवळं एकामागून एक बंद व्हायला लागली तेव्हा कोणाला वेदीमागे लावलेल्या त्यांच्या वेदीचित्रांची फिकीर नव्हती. बाक विकले, घंटा विकली, चित्र गोठ्यात. या एका माणसाने डुकरांच्या खाद्याचा ट्रक मागून घेतला, मंडळीतल्या बायकांकडून गोधड्या घेतल्या आणि सात हिवाळे गावोगाव हिंडून अकरा चित्रं गोळा केली. एका ठिकाणी ख्रिस्ताच्या स्वर्गारोहणाचं चित्र खुराड्याचं दार म्हणून लावलेलं होतं. पास्टर कोंबड्यांच्या शिटेत गुडघे टेकून बसले आणि स्वतःच्या रुमालाने ख्रिस्ताचे पाय पुसायला लागले. शेतकरी म्हणाला, "अहो पास्टर, दार नेलंत तर माझ्या कोंबड्या कोल्हा नेईल." पास्टर म्हणाले, "मी दुसरं दार बसवून देतो. तुझ्या कोंबड्यांना स्वर्गाची घाई नाही." आणि खरंच दुसऱ्या दिवशी करवत घेऊन गेले.

मी ट्रकमध्ये बसून हे पाहिलं. त्या दिवशी या माणसासाठी मी काहीही टाइप केलं असतं.

तर कालचं. पाकीट उघडलं गेलं आणि कागद वाचून दाखवण्यात आला. त्यात परमेश्वराचे आभार होते. प्रोफेसर लुंडवाल यांनी 'थरथरत्या, मरणोन्मुख हातांनी' आपलं अखेरचं वेदीचित्र पूर्ण केलं, ते या भिंतीवर लावायला मिळालं, याबद्दल आभार. दोन पानं. टाळ्या झाल्या. कॉफी झाली.

एब्बा, मी संतापाने आजारी पडायची बाकी आहे.

सगळं तुला माहीत आहे. तरीही क्रमाने लिहिते, कारण इथे ते क्रमाने कोणालाच आठवत नाही. चार ऑक्टोबर सत्तावन्न. रशियनांनी आभाळात तो गोळा सोडला त्याच दिवशी प्रोफेसर कॉलेजच्या जिन्यात कोसळले आणि गेले, म्हणून तारीख गावात सगळ्यांना पाठ आहे. एल्म क्रीकच्या देवळासाठी ते जे चित्र काढणार होते, त्याचा कॅनव्हास तेव्हा कोरा होता. कोरा! मी त्यांच्या विभागाची टायपिस्ट. धूळ बसू नये म्हणून त्यावर चादर मी टाकली होती. पास्टर तेव्हा एल्म क्रीकचे पाळक. ते आले, चादर उचलून पाहिली, पुन्हा टाकली आणि तुला विचारलं, "ईस्टरपर्यंत होईल?" तू चोवीस वर्षांची विद्यार्थिनी. "होईल," म्हणालीस. आणि केलंस, धुलाईघराच्या वरच्या खोलीत, लोकरी हातमोज्यांची बोटं कापून.

एल्म क्रीकला त्यांनी सांगितलं की प्रोफेसर जाण्याआधी चित्र पुरं करून गेले. तुला म्हणाले, "शेतकरी माणसं आहेत, दुःखात आहेत. मुलीने काढलंय म्हटलं तर मान वर करून बघायची नाहीत. एवढं वर्ष जाऊ दे." वेदीचित्रावर चित्रकाराचं नाव घालत नाहीत, मान सगळा देवाचा, त्यामुळे खोटं कुठे लिहावंही लागलं नाही. पुढे एल्म क्रीकचं देऊळ बंद झालं, तुझं चित्र, 'कबरीवरची सकाळ', इथे वेस्टरोत आलं, आणि प्रोफेसरांचं अखेरचं चित्र म्हणून हॅगस्ट्रॉमबाईंनी त्याच्यासाठी आख्खी इमारत दिली. मग मात्र पाटी लावावी लागली. मग लिहावं लागलं.

तू दोन दिवस बसने प्रवास करून उद्घाटनाला आलीस. पाटी वाचलीस. कॉफी न घेता गेलीस. वेस्टरोमध्ये कॉफी न घेता जाणं म्हणजे काय हे तुला मी सांगायला नको.

तुला जे माहीत नाही ते आता सांगते. उद्घाटनाच्या दोन दिवस आधी पास्टर मला म्हणाले होते, "सगळं खरं लिहून कोनशिलेत ठेवतोय, ओटिलिया. पंचवीस वर्षांनी उघडेल. तोवर हॅगस्ट्रॉमबाई नसतील, मी नसेन. मेलेल्यांना लाज वाटत नाही."

मी म्हणाले, "आणि एब्बा?"

"एब्बा तरुण आहे. तिच्याकडे वेळ आहे."

मी विश्वास ठेवला. रोज सकाळी कुलूप काढताना त्या दगडावर हात ठेवायचे आणि म्हणायचे, थांब, बाई, येतंय तुझं नाव. गेल्या वर्षी शिकागोचे एक विद्वान आले. चित्रात कबरीतून उठलेल्या ख्रिस्ताकडे मग्दालियेने पुढे केलेल्या हाताची ती वाकडी करंगळी पाहून त्यांनी लेख लिहिला, म्हणे 'पापाने मोडलेल्या आत्म्याची खूण, प्रोफेसरांच्या अखेरच्या शैलीचं शिखर'. त्यापेक्षा एल्म क्रीकचे शेतकरी बरे. ते म्हणायचे, बाईने बऱ्याच गाई दोहल्या असणार. मी शेजारीच उभी होते, हात कार्डिगनच्या खिशात. म्हटलं, बोला, विद्वान, अजून एकच वर्ष.

हे पत्र आज टाकत नाही. आधी पास्टरांना जाऊन विचारते.

ओटिलिया


गुरुवार, २४ ऑक्टोबर

एब्बा,

सोमवारचं पत्र पुन्हा वाचलं. त्यात एक वाक्य आहे: 'कागद वाचून दाखवण्यात आला.' असं वाक्य शाळेत लिहिलं असतं तर सिस्टर अ‍ॅक्विनाटांनी पट्टी उगारून विचारलं असतं, कोणी दाखवला?

मी.

नवीन संचालक टॉड, चांगला मुलगा आहे, त्याला पास्टरांचं अक्षर लागेना. ते कोणालाच लागत नाही. वीस वर्षं त्यांचे उपदेश मी टाइप केलेत, म्हणून मला लागतं. तो म्हणाला, "मिस वासिंगर, तुम्हीच या ना वर. तुमचाच मान आहे." मी गेले. जवळजवळ धावत गेले. नवा चष्मा लावला. दोनशे माणसं समोर, आणि माझ्या छातीत असं धडधडत होतं जसं पहिल्या प्रभुभोजनाला धडधडलं होतं. म्हटलं, शेवटी माझ्याच तोंडून. देव फार बारकाईने काम करतो.

पहिली ओळ वाचली. दुसरी वाचली. तिसऱ्या ओळीला कळलं की यात तू नाहीस. मी थांबायला हवं होतं. मी थांबले नाही. दोन्ही पानं वाचली, एब्बा, स्पष्ट उच्चारात, योग्य जागी आवाज खाली घेऊन. 'मरणोन्मुख हातांनी' ला एक बाई रडली. टाळ्या मला पडल्या.

काल बुधवारी वृद्धाश्रमात गेले. पास्टर खिडकीशी बसले होते.

"या, सिस्टरबाई," ते म्हणाले. कॉन्व्हेंटवाली म्हणून मला अजून तसंच चिडवतात. "कॉफी घेणार?"

"खरं घ्यायला आलेय. पेटीत मिळालं नाही."

ते हसले. "तुझी जीभ काही निवृत्त झालेली दिसत नाही."

"पास्टर, तुम्ही म्हणाला होतात लिहून ठेवलंय."

"लिहिलं होतं. शनिवारी लिहिलं. रविवारी कोटाच्या आतल्या खिशात घालून आलो." त्यांनी छातीवर हात ठेवला, जणू अजून तिथेच आहे. "गवंडी चुना कालवत होता. मी आत गेलो तर हॅगस्ट्रॉमबाई चित्रापुढे एकट्या उभ्या. त्यांचा मुलगा प्रोफेसरांकडे शिकायचा, कोरियाच्या लढाईत गेला तो. मला म्हणाल्या, माझ्या पोराला ज्या हाताने शिकवलं त्याच हाताचं हे शेवटचं काम, हो ना पास्टर? मी काय सांगू?"

"नाही, असं सांगायचं. दोन अक्षरं आहेत."

"सांगितलं असतं तर अकराही चित्रं परत गोठ्यात गेली असती, ओटिलिया."

"तेव्हा गेली असती. पेटी या रविवारी उघडली. बाईंना जाऊन चौदा वर्षं झाली. पेटीत का बदललंत?"

 ते म्हणाले, "पंचवीस वर्षांनी माझ्याबद्दल लोक काय म्हणतील, ते डोळ्यांपुढे आलं. कार्यालयात बसून दुसरं लिहिलं. पहिलं शेगडीत घातलं." आणि मग आपला जुना उपदेशाचा आवाज काढून, "अगं, वेदीचित्राला नाव नसतंच. आपली रीतच आहे. मान देवाचा."

"मग संग्रहालयाच्या दारावर ग्रॅनाइटमध्ये कोरलंय ते देवाचं नाव आहे का? एकब्लाड?"

शेजारच्या खुर्चीतली म्हातारी विणकाम थांबवून ऐकायला लागली. मी तिला म्हटलं, ऐका बाई, तुमच्याही उपयोगाचं आहे.

मी म्हणाले, "आता लिहून द्या. कागद मी आणलाय. एक ओळ लिहा, खाली सही करा."

ते म्हणाले, "मला हे संग्रहालय घेऊन मरू दे, ओटिलिया. दुसरं काही केलं नाही मी आयुष्यात." आणि मग, मी उठताना, अगदी मऊ आवाजात म्हणाले ते मला चार दिवसांच्या संतापापेक्षा जास्त लागलं. "मी तुला सांगणार होतो, पोरी. पण तू खूश दिसायचीस. किल्ल्या कमरेला, स्वतःची खोली, दारावर तुझी पाटी. वाटलं, तुलाही नकोच असेल."

एब्बा, ज्या बाईची जीभ सगळ्या परगण्यात प्रसिद्ध आहे, ती बाई विणकाम करणाऱ्या म्हातारीपुढे तोंड मिटून उभी राहिली. तेव्हा त्यांनी माझा उजवा हात हातात घेतला, करंगळी पाहिली आणि विचारलं, "अजून दुखते?"

"थंडीत," म्हणाले, आणि निघून आले. कॉफी न घेता.

म्हणजे त्यांना ठाऊक होतं. इतकी वर्षं ठाऊक होतं की पुरावा कार्यालयात नऊ बोटांनी टाइप करतोय.

आता मी सोमवारी काय काय टाळलं ते पापनिवेदनात सांगावं तसं सांगते, फक्त जाळीआड बसून नाही. 'पाटी लावावी लागली,' असं लिहिलं. ती पाटी मी टाइप केली. 'तू कॉफी न घेता गेलीस,' असं लिहिलं. जाण्याआधी तू माझ्याजवळ येऊन विचारलंस, "टाइप तूच केलंस ना?" आणि मी म्हणाले, "थांब, बिस्किटं आणते." तू माझी वाट पाहिली नाहीस ते बरं केलंस.

आणि हे तुला माहीत नाही. त्याच दिवशी, पास्टरांच्या आधी, हॅगस्ट्रॉमबाईंनी मला विचारलं होतं. "तू त्यांच्या विभागात होतीस ना गं? हे त्यांनीच पुरं केलं ना?" मी हात खिशात घातला आणि म्हणाले, "हो, बाई." त्याच्या आठवडाभर आधी संग्रहपालाच्या जागेसाठी माझं नाव सुचवलं गेलं होतं. लुथरनांच्या संस्थेत कॅथलिक बाई; एक माणूस विरोधात गेला असता तरी खुर्ची गेली असती. पास्टरांनी कागद बदलला तो माझ्यानंतर. आधी मी फिरले. पेटीचा भरवसा मला हवा होता, कारण पेटीत खरं आहे म्हटलं की बाहेर मला ते बोलायला नको होतं. मग पंचवीस वर्षं मी लोकांना ते चित्र दाखवलं, डाव्या हाताने. सहा कार्डिगनचे उजवे खिसे फाटले माझे.

सिस्टर अ‍ॅक्विनाटा म्हणायच्या, अंडं कोणीही घालो, जो उबवतो पिल्लू त्याच्याच मागे येतं. तर आलंय.

आश्रमातून निघाले ती थेट वाचनालयात गेले. जुनी वर्तमानपत्रं तिथे बांधून ठेवलीत. डिसेंबर सत्तावन्न, तिसरा आठवडा, गावच्या बातम्यांचं सदर. कोणाकडे कोण जेवायला गेलं, कोणाची गाय व्याली. आणि त्यात हे: 'शुक्रवारी, लुसियाच्या दिवशी, मिस एब्बा नॉर्लिंग यांच्या मोटारीच्या दारात मिस ओटिलिया वासिंगर यांची उजवी करंगळी सापडून मोडली. दोघी सणाच्या कॉफीला येऊ शकल्या नाहीत.'

मला त्या ग्रंथपालीणबाईंसमोर हसू आवरेना. तुला आठवतं? दार तू लावलंस आणि रडलीसही तूच. डॉक्टरने बोट वाकडं बसवलं. आणि नाताळानंतर पट्टी सोडल्यावर तू माझा हात उजेडाकडे धरून म्हणालीस, "टिले, हलू नकोस. मग्दालियेला हाच हात हवा. ती त्याला हात लावायला जाते आणि तो नको म्हणतो. असा हात सरळ कसा असेल?" धुलाईघराची वाफ फरशीतून वर यायची. मी तीन आठवडे हात पुढे करून उभी राहिले. माझ्या आयुष्यात माझ्याकडे तेवढं नीट कोणी पाहिलेलं नाही.

प्रोफेसर गेले चार ऑक्टोबरला. तारीख त्यांच्या दगडावर आहे. बोट मोडलं तेरा डिसेंबरला. तारीख छापून आली आहे. मेलेल्या माणसाने दहा आठवड्यांनी मोडणारं बोट काढलं असेल, तर तो चमत्कार आहे, आणि चमत्कार मानणारे आम्ही; लुथरन नव्हेत.

येत्या रविवारी त्यांचा धर्मसुधारणेचा सण. सकाळची उपासना झाली की अख्खी मंडळी संग्रहालयात कॉफीला येते, आश्रमाची गाडी पास्टरांनाही आणते. त्यांच्या लुथरने देवळाच्या दारावर कागद ठोकला म्हणून सण. या वर्षी कागद एक कॅथलिक बाई लावणार आहे. टॉडला आज सकाळी सांगितलं, हात दाखवला, बातमी दाखवली. तो पांढरा पडला. म्हणाला, "मंडळाला विचारायला हवं, मिस वासिंगर."

मी म्हटलं, "विचार, बाळा. सोमवारी विचार."

पाटीची कार्बन प्रत सोबत जोडली आहे. तिच्यावर असं आहे:

'कबरीवरची सकाळ. वेदीचित्र, एल्म क्रीक, १९५८. चित्रकार एब्बा नॉर्लिंग. आधीची पाटी खोटी होती. ती ओटिलिया वासिंगर हिने, खोटी आहे हे ठाऊक असताना, टाइप केली. मग्दालियेचा हात तिचाच आहे. ज्यांना ताडून पाहायचं असेल त्यांनी पाहावं; बाई शेजारीच उभी आहे.'

तुला ये म्हणत नाही. माफही कर म्हणत नाही. त्यासाठी माझं तोंड नाही, आणि ज्या तोंडाने गेल्या रविवारी तो कागद वाचला त्यावर तू का विश्वास ठेवावास? पण चूक वाटली तर पाटीतलं काहीही बदल आणि प्रत परत पाठव. तुझ्या नावाबाबत तुझ्या आधी माझा शब्द चालला, हे एकदा झालं तेवढं पुरे.

बाहेर थंडी पडायला लागली आहे. बोट दुखतंय. रविवारी कार्डिगन घालणार नाही.

तू काढलेला, आणि इतकी वर्षं मी लपवलेला,
तुझाच हात,
टिली